वर्दी अस्पष्ट

आमच्या बंबखान्याची इमारत आग विझवण्यासाठी बांधलेलीच नव्हती. ती मिठासाठी बांधली होती. ठाण्याच्या खाडीकाठच्या मिठागरांतलं मीठ होड्यांतून उतरवून तिथं साठवत. त्यासाठी कुणा साहेबानं हातभर रुंदीच्या दगडी भिंती, उंच कौलारू छप्पर आणि बैलगाडी थेट आत जाईल अशी दोन दारं करून ठेवली होती. पुढे मीठ दुसरीकडे जाऊ लागलं आणि कोठार रिकामं पडलं. पण भिंतींनी इतकी वर्षं जे मीठ पोटात घेतलं होतं ते काही निघेना. पावसाळ्यात त्यांना घाम फुटायचा, उन्हाळ्यात त्यांच्यावर पांढरी बुरशी आल्यासारखं मीठ फुलायचं, आणि लोखंडाचं म्हणून जे जे आत ठेवावं ते गंजायचं. अशा जागी आग विझवायचं लोखंडी यंत्र ठेवण्याची बुद्धी ज्यांना झाली त्या वखारवाल्यांना माझा अजूनही साष्टांग नमस्कार आहे.

वखारवाले म्हणजे बंदरावरचे लाकडाचे व्यापारी. लढाई संपल्यावर कल्याणच्या छावणीत लष्करी सामानाचे लिलाव झाले, त्यात त्यांनी एक लॉरी आणि तिच्यामागे जोडून ओढायचा पंप घेतला. स्वतःच्या लाकडांच्या काळजीनं घेतला. त्यासाठी कमिटी केली, कोठार भाड्यानं घेतलं, लॉरीला तांबडा रंग दिला आणि दारावर पितळी घंटा टांगली. गावातली घरं जळाली तर तीही विझवावीत, असं कमिटीच्या ठरावात शेवटच्या ओळीत होतं. लढाईच्या दिवसांत माझ्या वडिलांनी हवाई हल्ल्याच्या बंदोबस्तात काम केलं होतं, म्हणजे डोक्यावर लोखंडी टोपी घालून लोकांच्या खिडक्यांना काळे कागद लावायला सांगत फिरले होते. तेवढ्या अनुभवावर त्यांना बंबखान्याचं मुख्य नेमलं. हाताखाली चार माणसं आणि वरच्या माळ्यावर राहायला दोन खोल्या. स्वातंत्र्य मिळालं त्याच्या पुढच्या वर्षी आम्ही तिथं राहायला गेलो. तेव्हा मी बारा वर्षांची होते.

आईनं त्या खोल्यांना पहिल्या दिवसापासून शिव्या घातल्या. पापड सादळायचे, विळीला गंज चढायचा, भिंतीला टेकून बसलं की पाठीला खाज सुटायची. वडील मात्र खूश होते. त्यांना गणवेश होता, आणि रोज सकाळी घंटा चिंचेनं घासून घेण्याचा अधिकार होता.

मराठीत बंब दोन. एक आग लावून पाणी तापवायचा, दुसरा पाणी मारून आग विझवायचा. शब्द एकच असल्यामुळे आमच्या बंबखान्याची जन्मभर थट्टा झाली. नौपाड्यातले पेन्शनर सकाळी फिरायला खाडीकडे येत. ते दारात थांबून विचारायचे, "काय हो, तापला का बंब? चार बादल्या द्या की." होळीच्या दिवशी तर कुणी तरी उडाणटप्पू धावत यायचा, "बंब पेटला, बंब पेटला" म्हणून ओरडायचा आणि आमची माणसं घंटेकडे वळली की पळून जायचा. एकदा गोडाऊनला आग लागली आणि आमची लॉरी भलत्याच गल्लीत शिरली. त्यानंतर महिनाभर येणारा-जाणारा आम्हाला ऐकू जाईल असं म्हणायचा, "आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी." वडील संतापाने लाल व्हायचे. मी मात्र उलट उत्तर द्यायला शिकले. माझी जीभ तिखट होती आणि बाकावर बसलेली चार माणसं माझ्या बोलण्यावर खदखदून हसायची. त्या वयात चार पुरुष आपल्या बोलण्यावर हसतात याची नशा चढते. मला चढली होती.

आगीची खबर येते तिला वर्दी म्हणतात. वर्दी देणाऱ्यानं तीन गोष्टी सांगायच्या: कुठं, काय, आणि आत कोण आहे. त्या वहीत लिहायच्या. वडील सगळं मोडीत लिहीत. कमिटीचा नवा सेक्रेटरी शाळेत बाळबोधी, म्हणजे देवनागरी लिपी, शिकलेला, त्याला मोडीचं एक अक्षर लागेना. त्यानं हुकूम काढला की वर्दीची वही बाळबोधीतच पाहिजे. वडिलांचं बाळबोधी अक्षर कोंबडीच्या पायासारखं. म्हणून मी लिहू लागले. व्हर्नाक्युलर फायनल, म्हणजे सातवी झालेली, लग्न न जमलेली, वेळ भरपूर. माझं अक्षर खरोखर सुंदर होतं. सेक्रेटरी ते कमिटीत सगळ्यांना दाखवायचा.

एक नोंद मला अजून पाठ आहे. कोपरीच्या पलीकडे मिठागरांवर काम करणाऱ्यांची वस्ती होती. एका दुपारी तिथला एक म्हातारा वर्दी घेऊन आला, झोपड्या पेटल्या म्हणून. ती वस्ती कमिटीच्या हद्दीत येत नव्हती. वडिलांनी त्याला हद्द समजावून सांगितली, तो ऐकेना, तेव्हा वडील म्हणाले, "मिठाला आग लागत नाही रे बाबा. जा घरी." चौघे हसले. मीही हसले. मग आम्ही सगळे माळ्यावर गेलो आणि खिडकीतून धूर बघितला. मी वहीत लिहिलं, "हद्दीबाहेर. गेलो नाही." कुणी मेलं का, ते आम्ही विचारलं नाही.

आता त्या सकाळचं सांगते. मी एकोणीस वर्षांची होते. पौष महिना होता आणि थंडी होती. वडील मागच्या अंगणात दात घासत होते. चौघे बाकावर बसून चहा पीत होते आणि मी टेबलाशी बसून रोजची तारीख घालत होते.

ती बाई धावत आली आणि दाराची चौकट धरून उभी राहिली. मी तिला ओळखत होते. नौपाड्यातल्या एका घरी ती भांडी घासायची. त्या घराला ठाण्यात मान होता. घरात एक विधवा बाई, सरकारी कचेरीत हुद्द्यावर असलेला त्यांचा एकुलता एक मुलगा, आणि दोन वर्षांपूर्वी आलेली सून. ही भांडीवाली मिठागरांच्या त्याच वस्तीतली, तिशीची असेल. नौपाड्यापासून खाडीपर्यंत ती पळत आली होती आणि तिला धाप लागली होती.

"बंब पेटला," ती म्हणाली.

चौघांनी तिच्याकडे बघितलं आणि मग माझ्याकडे. मी काही तरी बोलणार हे त्यांना ठाऊक होतं.

"पेटला?" मी म्हणाले. "छान झालं. पाणी तापेल आता. आंघोळ करून घे."

चौघे हसले. एकाच्या नाकात चहा गेला. आणि तीही हसली. त्या सकाळचं बाकीचं पुसट होत गेलं तरी हे होत नाही. मोठे लोक हसले की आपणही हसायचं, अशी तिला सवय होती. तोंड हसत होतं आणि हातानं चौकट सोडली नव्हती.

"नाय बाय," ती म्हणाली. "न्हाणीन बंब पेटला. आतमंदी सूनबाय हाय."

"मग न्हाऊ दे की तिला," चौघांतला एक म्हणाला.

"सावकाश न्हाऊ दे," मी म्हणाले. "तू कशाला बघतेस?"

पुन्हा हशा झाला. बिचारीकडे दुसरा शब्द नव्हता. पाणी तापवायच्या बंबातला निखारा की रॉकेल, काय ते भडकलं होतं, न्हाणीघर पेटलं होतं. ते तिनं तिच्या शब्दांत अगदी बरोबर सांगितलं होतं. कुठं, काय, आणि आत कोण. वर्दीला लागतात त्या तिन्ही गोष्टी तिनं दिल्या होत्या. उलट चौथीही दिली.

"करी भायेरशी हाय," ती म्हणाली. "म्हातारी उघरीत नाय."

तिच्या बोलीत डचा र होतो. गाडीची गारी होते, घोड्याचा घोरा होतो, कडीची करी होते. ठाण्यात चार वर्षं काढलेल्या माणसालाही हे कळतं. मला तिथं सात वर्षं झाली होती. मला कळलं. कडी बाहेरून लावलेली आहे आणि म्हातारी ती उघडत नाही, एवढं स्वच्छ कळलं. पण हसण्याची गाडी एकदा सुटली की मधे थांबत नाही. चौघांतल्या एकानं तिची नक्कल केली, "कसली करी गो बाय?" आणि मी तोंडाला पदर लावून हसले.

तेवढ्यात वडील आत आले. त्यांनी तिचं बोलणं ऐकलंच नव्हतं. त्यांनी तिचा उजवा हात बघितला. तिनं चौकटीवरून तो काढला तेव्हा लाकडाला काही तरी चिकटून राहिलं. तळव्याची कातडी सोलली होती. तापलेली कडी उघडायला तिनं हात घातला होता.

मग धावपळ झाली. घंटा झाली, लॉरीला हँडल मारलं, ती गंजल्या गळ्यानं खोकत राहिली, पुन्हा हँडल मारलं, शेवटी निघाली. अर्ध्या तासात परत आली. पाणी मारायचं कामच पडलं नव्हतं. शेजाऱ्यांनी कुऱ्हाडीनं दार फोडलं होतं, बादल्या ओतल्या होत्या. सून मेली होती. दाराचे जळके तुकडे अंगणात पडले होते आणि कडी त्यात आत होती की बाहेर, हे आता कुणाला सांगता येणार नव्हतं. सांगू शकणारी एकच बाई उरली होती.

आमची थट्टा चालली ती दोन मिनिटं असेल, फार तर तीन. तेवढ्यानं ती वाचली असती का? त्या घराच्या गल्लीच्या तोंडाशी एक डॉक्टर राहत, ते म्हणाले, नाही. मी काही ना काही निमित्त काढून त्यांच्याकडून ते तीनदा वदवून घेतलं. तिसऱ्यांदा ते वैतागले.

वडिलांनी चौघांकडून घडलं ते सगळं वदवून घेतलं. मग ते माझ्यामागे येऊन उभे राहिले. ते मला मारतील असं वाटलं होतं. मारलं असतं तर बरं झालं असतं. ते म्हणाले, "नोंद राहिली आहे. वर्दी स्पष्ट होती की अस्पष्ट होती, तेवढं लिही."

काय विचारताहेत हे मला नीट समजलं. कमिटीतले काही जण आधीच कुरकुरत होते, की बंबखान्यावर मोटारीतलं कळणारा माणूस हवा, टोपीवाला नको. मुख्याची मुलगी वर्दी देणाऱ्या बाईची चेष्टा करत बसली आणि घरंदाज सून जळून मेली, हे बाहेर गेलं असतं तर त्या संध्याकाळी आमची वळकटी रस्त्यावर आली असती. आई, वडील, मी, दोन धाकट्या बहिणी. मी दौतीत टाक बुडवला आणि लिहिलं, "वर्दी अस्पष्ट. बाईस नीट सांगता आले नाही." टीपकागद दाबला. शाई कुठंही फुटली नाही.

रात्री ताट वाढताना आई म्हणाली, "जिभेला हाड नसतं म्हणतात. बोटांना असतं ना?" मी जेवले. भूक लागली होती, हेही सांगून टाकते.

चार दिवसांनी फौजदार आले. त्यांनी जबान्या आमच्याच बंबखान्यात घेतल्या, कारण तिथं टेबल, बाक आणि बघ्यांना उभं राहायला जागा होती. कमिटीचे लोक आले. त्या घरच्या बाई आल्या, त्यांना वडिलांची खुर्ची दिली. मुलगा त्यांच्या मागे उभा होता, खाली बघत. भांडीवालीला बोलावून आणलं होतं. हाताला हळदीनं पिवळी झालेली चिंधी बांधली होती. ती जमिनीवर बसली. तिचं म्हणणं एवढंच होतं: न्हाणीघराची कडी बाहेरून होती, आतून सून किंचाळत होती, म्हातारी अंगणात तुळशीपाशी उभी होती आणि पुढे झाली नाही. तिचं खरं धरलं तर ते घर आयुष्यातून उठणार होतं. खोटं धरलं तर ती उठणार होती. जमलेल्या प्रत्येकाला हे कळत होतं. म्हणून तर इतकी गर्दी होती.

फौजदारांनी वही उघडली. नोंद मोठ्यानं वाचली. मग तिला विचारलं, "बाई, त्या दिवशी इथं तुला धड सांगता आलं नाही. मग आज इतकं सगळं कसं आठवतं?"

तिनं माझ्याकडे बोट केलं. "या बायला इचारा. मी सांगितला तिला."

फौजदार माझ्याकडे वळले. सभ्य माणूस होता. मला बसायला सांगितलं. "काय म्हणाली ही?"

"बंब पेटला म्हणाली."

"कडीचं काही बोलली?"

मी वडिलांकडे बघितलं नाही. त्यांच्याकडे बघून खोटं बोलले असते तर ते त्यांच्यावर ढकलता आलं असतं. मी सरळ फौजदारांकडे बघून म्हणाले, "करी, करी असं काही तरी म्हणत होती. आम्हाला अर्थ लागला नाही."

मागे कुणी तरी हसलं. मग बरेच जण हसले. फौजदारांनाही हसू आलं आणि त्यांनी ते मिशीत दाबलं. खुर्चीतल्या बाई तेवढ्या हसल्या नाहीत. त्या माझ्याकडे बघत राहिल्या, बाजारात वांगी निवडताना बघतात तसं. मग शांतपणे म्हणाल्या, "अडाणी बाई आहे. तिच्या बोलण्याचं काय घेऊन बसलात." मिटलं. अपघाती मृत्यू.

भांडीवाली उठली. तिनं रडून गोंधळ घातला नाही, शिव्याशाप दिले नाहीत. दिले असते तर मला तिच्यावर रागावता आलं असतं. नौपाड्यातल्या तिच्या सगळ्या घरांनी तिला आठवड्याभरात नको सांगितलं. घरातल्या कड्या मोजणारी बाई कुणाला हवी होती? मी तिला त्यानंतर बरेच दिवस पाहिलं नाही, आणि खरं सांगायचं तर पाहावं असं वाटलंही नाही. तिच्याबद्दल मला वाईट वाटत होतं की मी पकडली गेले नाही याचं बरं वाटत होतं, हे त्या वेळी मी तपासून बघितलं नाही. बरं वाटत होतं, हेच खरं.

त्यानंतर तीन-साडेतीन महिन्यांनी नौपाड्यातल्या त्या घरच्या बाई पुन्हा बंबखान्यात आल्या. या वेळी ठेवणीतलं लुगडं नेसून, सोबत एक नात्यातली म्हातारी घेऊन. वडिलांच्या त्याच खुर्चीत बसल्या. मुलाचं पुन्हा करायचं होतं. जात एकच होती, फक्त ऐपतीत जमीन-अस्मानाचं अंतर. वडिलांना आधी कळेचना की त्या कुणासाठी आल्यात. त्या म्हणाल्या, आम्हाला देणंघेणं काही नको, मुलगी आणि नारळ द्या.

मला बोलावलं. चहापोहे झाले. गाणं येतं का, भरतकाम येतं का, असलं त्यांनी काही विचारलं नाही. त्या म्हणाल्या, "ती वही आण गं. अक्षर बघते."

मी आणली. त्यांनी पानं मागे उलटली, त्यांना हवं ते पान सापडलं आणि त्या ते बराच वेळ वाचत राहिल्या. दोन ओळींना किती वेळ लागतो? मग सोबतच्या म्हातारीला दाखवून म्हणाल्या, "बघा. कमी शब्दांत लिहिते. मुलीला समज आहे."

वडिलांच्या डोळ्यांत पाणी आलं. मुलगी नौपाड्यात पडणार, दुमजली घरात, हुद्देदाराच्या. आई स्वैपाकघरात गेली आणि तिनं भांडी आपटली. रात्री ती वडिलांना म्हणाली, "तिथं मुलगी द्यायची नाही." वडील म्हणाले, "का? कारण सांग." आई माझ्याकडे वळली. "तू नाही म्हण," ती म्हणाली. "तू म्हणालीस तर ते जबरदस्ती करणार नाहीत."

मी काय कारण सांगणार होते? त्या घराची भीती वाटते म्हणाले तर वडील विचारणार, कशाची? कडीची म्हणाले तर ती बाई खरं बोलत होती असं होणार. ती खरं बोलत होती तर वही खोटी, माझी जबानी खोटी, वडिलांची नोकरी गेली आणि मी फौजदारांपुढे उभी. रात्रभर मी दुसरं एखादं कारण शोधत होते. नवरा बिजवर आहे म्हणावं, तर माझ्यासारखीला बिजवराशिवाय कोण मिळणार होता. सकाळी मी हो म्हणाले. ज्या दोन ओळींनी मी त्या बाईचं तोंड बंद केलं होतं, त्यांनीच माझंही केलं होतं. मला त्या क्षणी तिची पहिल्यांदा खरी आठवण झाली, आणि तीही स्वतःपुरती.

लग्न वैशाखात झालं. वखारवाल्यांनी मंडपाला लाकूड दिलं. कमिटीचे अध्यक्ष अक्षता टाकायला आले आणि वडिलांना ऐकू जाईल असं मला म्हणाले, "खाल्ल्या मिठाला जागलीस हो पोरी." मिठाच्या कोठारात राहणाऱ्या मुलीला हे म्हटलं म्हणून मांडवात हशा पिकला. अध्यक्ष स्वतःच्या विनोदावर खूश होते. वाकून नमस्कार केला त्यांना मी.

नवरा सज्जन होता. म्हणजे आईपुढे बोलत नसे. सासूबाईंनी मला कधी वाईट वागवलं नाही. हे मी मुद्दाम लिहिते, कारण वाचणाऱ्याला दुसरंच काही तरी हवं असणार. त्या पहाटे उठून बंब स्वतः पेटवायच्या, नवा तांब्याचा बंब होता तो, आणि पाणी तापलं की मला हाक मारायच्या. न्हाणीघर नव्यानं बांधलं होतं. दारही नवं. त्याला आतून कडी होती आणि बाहेरूनही कडी होती. दोन्ही नव्या होत्या. पूर्वीच्या दाराला कशा होत्या, हे मला विचारायचं होतं, पण कुणाला? नवऱ्याला एकदा विचारलं. त्यानं वर्तमानपत्र खाली केलं, माझ्याकडे बघितलं आणि पुन्हा वर केलं. शेजारणीला आडून विचारलं तर ती म्हणाली, "अगं, तूच तर जबानी दिलीस ना? तुलाच ठाऊक." मी रोज न्हाणीघरात शिरायचे, आतली कडी घालायचे आणि पाणी अंगावर घेताना बाहेर पावलांचा आवाज येतो का ते ऐकायचे. पावलं यायची. घरात माणसं असली की पावलं वाजणारच.

दीड-दोन वर्षांत बंबखाना मोडला. नव्या मोटारी बंबांपुढे आमची लॉरी हास्यास्पद दिसू लागली होती, तरी तिनं शेवटची वखार विझवली असं वडील सांगायचे. कमिटी फुटली, वडिलांना काढलं, ते आई आणि बहिणींसह डोंबिवलीला दोन खोल्यांत राहायला गेले. म्हणजे ज्या छपरासाठी हे सगळं केलं तेही टिकलं नाही. कोठार कुणी तरी सिमेंटच्या गोणी ठेवायला घेतलं. भिंतींनी पहिल्याच पावसाळ्यात गोण्यांचे दगड केले. मग ते पाडलं. पाडणारे म्हणत होते, दगड खारट लागतात. वर्दीच्या वह्यांचं काय झालं, मला माहीत नाही. रद्दीत गेल्या असतील.

सासरचं तिसरं वर्ष होतं. चैत्र लागला की मीठवाल्या यायच्या. वर्षाचं मीठ तेव्हा घ्यायची रीत होती. दारात हाळी ऐकू आली म्हणून मी पायलीचं माप घेऊन बाहेर गेले. टोपली उतरवून ती बसली होती. आधी मी टोपली बघितली, मग मीठ चाचपणारा हात. उजव्या तळव्याची कातडी ताणलेली, गुळगुळीत, गुलाबी. बोटं पूर्ण मिटत नव्हती.

तिनं मला ओळखलं. ती कुणाच्या दारात बसली आहे हेही तिला माहीत होतं, पण ती मुद्दाम आली होती, की तिच्या वाट्याची गल्लीच ही होती, सांगता येत नाही. तिनं मीठ मोजायला घेतलं. माप भरून वर हात फिरवायची, सपाट करायची, ओतायची. मी मागे वळून घरात बघितलं. कुणी नव्हतं. मी खाली वाकले.

"ती कडी," मी म्हणाले. "खरंच बाहेरून होती का?"

तिनं हातातलं माप पुरं केलं. ओतलं. मग माझ्याकडे वर बघितलं. राग असा काहीच नव्हता चेहऱ्यावर. भाव विचारला तर सांगावा, तसं ती म्हणाली, "मना काय म्हाईत बाय. मना नीट सांगता येत नाय."

मी आणखी काही तरी बोलले. सांग गं, असं काही तरी. विनवलं म्हणा. ती ऐकत होती की नव्हती, कळलं नाही. ती टोपलीतलं मीठ हातानं एका बाजूला सारत होती. मग उभी राहिली, डोक्यावर चुंबळ ठेवली आणि टोपलीकडे बघून म्हणाली, "जरा हात लाव."

मी हात लावला. टोपली जड होती. दोघींनी मिळून ती तिच्या डोक्यावर चढवली आणि ती पुढच्या घराकडे गेली. आतून सासूबाईंनी हाक मारली, पाणी तापलंय म्हणून. मी गेले.